गैरहजेरीत निकाली: पाठपुराव्याअभावी फेटाळल्या जाणाऱ्या प्रकरणांचा आढावा

'पुकारा केला असता वादी व वादीचे वकील गैरहजर. दावा काढून टाकण्यात येतो.' तालुक्याच्या न्यायालयातल्या रोजनाम्यात अशा आशयाची नोंद करायला अर्धे मिनिटही लागत नाही. ती होते तेव्हा जमीन कोणाची, पैसे कोणी कोणाला द्यायचे, यांपैकी कशाचाही निवाडा झालेला नसतो. तरीही वर्षानुवर्षे चाललेला दावा त्या नोंदीने संपतो, आणि कधी कधी कायमचा संपतो. वकीलमंडळी याला 'डिफॉल्टमध्ये गेला' म्हणतात. दाव्याबरोबर अपिले, दरखास्ती, रिट याचिका, धनादेशाच्या फिर्यादी, ग्राहक तक्रारी हे सगळे या वाटेने जाऊ शकते; मात्र प्रत्येकाच्या वाट्याला येणारा परिणाम निराळा असतो. या प्रश्नावर आपल्याकडे शतकाहून अधिक काळ विचार झाला आहे. तो कुठवर आला, त्यात कोणत्या भूमिका आहेत आणि काय सुटायचे राहिले आहे, याचा हा आढावा. तो घेताना एक गोष्ट ठळकपणे दिसते: फेटाळलेले प्रकरण परत कसे आणायचे यावर कायद्याने पुष्कळ कष्ट घेतले, पण फेटाळण्याआधी पक्षकाराला तारीख ठाऊक होती का, याकडे त्या मानाने फारच कमी लक्ष दिले.

पार्श्वभूमी आणि दिवाणी नियमांची रचना

हा अधिकार ब्रिटिश अमदानीतल्या दिवाणी प्रक्रिया संहितांमधून आला आणि 1908 च्या संहितेत आदेश 9 म्हणून स्थिरावला. त्यामागचा विचार सरळ आहे. दिवाणी दावा हा वादीने आणलेला असतो; तो पुढे नेण्याची जबाबदारीही त्याचीच. त्याने पाठ फिरवली तर न्यायालयाने तो कवटाळून बसण्याचे कारण नाही आणि प्रतिवादीला खेटे घालायला लावण्याचे तर मुळीच नाही. पण संहितेने सगळ्या गैरहजेऱ्या एका मापाने मोजलेल्या नाहीत. दोन्ही बाजू गैरहजर असतील तर नियम 3 प्रमाणे दावा निघतो. अशा वेळी नियम 4 वादीला दोन वाटा देतो: तोच दावा पूर्ववत करून घ्या किंवा मुदतीत असाल तर नवा लावा. प्रतिवादी हजर आणि वादी गैरहजर असेल तर नियम 8 लागू होतो, आणि मग नियम 9 नुसार त्याच कारणावरून नवा दावा आणायला बंदी येते. वादीचे वागणे दोन्हीकडे तेच, पण परिणामाची तीव्रता ठरते समोरचा आला होता की नाही यावरून. याचे समर्थन असे की जो आला त्याचा दिवस फुकट गेला, खर्च झाला, आणि त्याला पुन्हा त्याच दाव्यात ओढणे अन्यायाचे. हा युक्तिवाद वजनदार आहे. फक्त त्यात वादी का आला नाही याला जागा नाही. ती जागा नंतर, पूर्ववत करण्याच्या अर्जात येते.

त्या अर्जाला मुदत अधिनियम, 1963 च्या अनुच्छेद 122 प्रमाणे 30 दिवस मिळतात. मुदत उलटली तर कलम 5 खाली विलंब माफीचा अर्ज जोडावा लागतो. 'पुरेसे कारण' दाखवले तर न्यायालय दुसऱ्या बाजूला नोटीस काढून, खर्चाची अट घालून दावा परत बोर्डावर घेते. नियम 9 खालचा अर्ज नाकारला तर आदेश 43 खाली त्यावर अपील चालते. गैरहजेरीत दावा फेटाळण्याचा हुकूम संहितेच्या व्याख्येनुसार 'हुकूमनामा' नाही, म्हणून त्यावर नेहमीचे अपील नाही. परतीचा मुख्य रस्ता या अर्जातूनच जातो. नव्या दाव्याची मुभा कागदावर मोठी दिसते, पण पैशाच्या बहुतेक दाव्यांना मुदत तीन वर्षांची, आणि पहिला दावाच पाच वर्षे चालून निघाला असेल तर ती मुभा नावापुरतीच उरते. याउलट वाटपाच्या दाव्यात एकत्र मालकी टिकून असेपर्यंत वाटप मागण्याचा हक्क रोज नव्याने उभा राहतो, त्यामुळे आधीचा दावा डिफॉल्टमध्ये गेला म्हणून नवा सहसा अडत नाही. दरखास्तीची, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीच्या अर्जाची, तऱ्हा आणखी वेगळी. आदेश 21 च्या नियम 106 खाली ती पूर्ववत करायला 30 दिवसच. 2005 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की तिथे विलंब माफीचे कलम 5 चालत नाही. मात्र हुकूमनाम्याची 12 वर्षांची मुदत शिल्लक असेल तर नवी दरखास्त लावता येते. एकंदरीत, रोजनाम्यातली नोंद सारखीच, पण कोणाला ती चार आठवड्यांची अडचण ठरते आणि कोणाचा हक्कच संपवते.

अपिलात आणि फौजदारीत उलट्या दिशा

दिवाणी अपिलात 1976 च्या दुरुस्तीने एक महत्त्वाचे स्पष्टीकरण आदेश 41, नियम 17 ला जोडले: अपीलकार गैरहजर असेल तर अपील गैरहजेरीसाठी फेटाळता येईल, गुणदोषांवर नाही. वरवर पाहता गुणदोष तपासणे अधिक न्यायाचे वाटते. पण गुणदोषांवर निकाल लागला की नियम 19 खाली अपील पुन्हा दाखल करून घेण्याचा मार्ग बंद होतो आणि न ऐकलेल्या माणसाविरुद्ध अंतिम निर्णय उभा राहतो. म्हणून इथे कोरडे 'फेटाळले' हेच त्याच्या हिताचे ठरते.

फौजदारी अपिलात याच्या नेमके उलट उत्तर मिळाले. शिक्षा झालेल्या आरोपीचे अपील एकदा दाखल करून घेतले की ते गैरहजेरीसाठी फेटाळता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायाधीशांच्या पीठाने 1996 मध्ये बनी सिंग प्रकरणात ठरवले. न्यायालयाने नोंदी मागवून, वाचून निकाल द्यायचा. वकील नसला तरी सुनावणी तहकूब करण्याचे बंधन नाही. 2011 मध्ये दोन न्यायाधीशांच्या पीठाने मोहम्मद सुकुर अली प्रकरणात एक पाऊल पुढे जाऊन वकिलाशिवाय अपील निकाली काढू नये, न्यायमित्र नेमावा, असे म्हटले. 2013 मध्ये पांडुरंग प्रकरणात मात्र बनी सिंगचा मोठ्या पीठाचा निर्णयच बांधील असल्याचे सांगण्यात आले. दोन्ही शाखांचा हेतू एकच, गैरहजर माणसाचे रक्षण. मार्ग विरुद्ध, कारण फौजदारीत स्वातंत्र्य पणाला लागलेले असते आणि शिक्षा योग्य होती का हे पाहण्याचे कर्तव्य आरोपी येवो न येवो, न्यायालयावर असते.

फिर्यादीची गोष्ट निराळी. समन्स खटल्यात फिर्यादी आला नाही तर आरोपीची निर्दोष सुटका होते. जुन्या फौजदारी संहितेत हे कलम 256 होते, आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे कलम 279 आहे. धनादेश न वटल्याच्या हजारो खटल्यांना हेच कलम लागते. ही सुटका दंडाधिकाऱ्याला परत फिरवता येत नाही, कारण त्याला तसा अंगभूत अधिकार नाही हे 1970 च्या दशकापासून ठरलेले आहे. वरच्या न्यायालयाची पायरी चढावी लागते. म्हणून सर्वोच्च न्यायालयाने 1998 मध्ये बजावले की त्या तारखेला फिर्यादीच्या हजेरीची खरोखर गरज होती का, हे पाहूनच हा अधिकार वापरावा. आरोपीवर समन्सच बजावले गेलेले नाही अशा तारखेला फिर्यादी आला नाही म्हणून आरोपीला सोडणे, हा या कलमाचा उद्देश नव्हे.

दाव्याचा धनी कोण

पाठपुराव्याअभावी फेटाळण्याचा अधिकार एका गृहीतकावर उभा आहे: प्रकरण ते आणणाऱ्याच्या मालकीचे असते. हे गृहीतक जिथे ढिले पडते तिथे अधिकारही ढिला पडतो. मुंबईच्या पत्रकार शीला बारसे यांनी तुरुंगांतल्या मुलांबद्दल सर्वोच्च न्यायालयात याचिका केली आणि दिरंगाईला कंटाळून ती मागे घेण्याची परवानगी मागितली. 1988 मध्ये न्यायालयाने ती नाकारली, त्यांचे नाव वगळले आणि याचिका चालू ठेवली. जनहित याचिका एकदा आत आली की ती याचिकाकर्त्याच्या मर्जीवर राहत नाही, हे त्यातून ठरले. निवडणूक याचिकेतही मतदारसंघाचे हित असते. तरी ती गैरहजेरीसाठी फेटाळता येते, असे त्याच दशकात ठरले होते. भूसंपादनाच्या वाढीव मोबदल्याचे संदर्भ मात्र डिफॉल्टमध्ये काढता येत नाहीत, कारण जिल्हाधिकाऱ्याकडून आलेल्या संदर्भाला न्यायालयाने निवाड्याने उत्तर द्यायचे असते, असे 2002 मध्ये खजान सिंग प्रकरणात सांगितले गेले. धरण, महामार्ग, औद्योगिक वसाहती यांसाठी जमीन गेलेल्या महाराष्ट्रातल्या शेतकऱ्यांच्या दृष्टीने हा फरक कागदी नाही.

न्यायाधिकरणांचे चित्र आणखी विस्कळीत आहे. आयकर अपील न्यायाधिकरणाने गैरहजेरीतही गुणदोषांवरच निर्णय द्यायला हवा, हे 1969 मध्ये ठरले. आयकर आयुक्तांपुढच्या पहिल्या अपिलालाही हेच लागू होते, असे मुंबई उच्च न्यायालयाने 2016 मध्ये सांगितले. ग्राहक मंचांबाबत, महाराष्ट्रातूनच गेलेल्या एका वादात, 2011 मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायाधीशांनी ठरवले की जिल्हा आणि राज्य पातळीवर स्वतःचा हुकूम मागे घेण्याचा अधिकारच नाही, तो राष्ट्रीय आयोगाला आहे. म्हणजे सामान्य माणूस जिथे वकिलाशिवाय जातो, त्याच पायरीवर परतीचा दरवाजा नव्हता. उच्च न्यायालयातल्या रिट याचिकांना आदेश 9 थेट लागू नाही. दिवाणी संहितेच्या कलम 141 च्या स्पष्टीकरणाने त्या वगळल्या आहेत. तिथे न्यायालयाच्या अंगभूत अधिकारावर आणि न्यायाधीशांच्या सारासार विचारावर भिस्त असते. न्या. प्र. बा. गजेंद्रगडकर यांनी 1961 च्या दर्याव निकालात घालून दिलेले तत्त्व मात्र इथे आधार देते: पूर्वन्यायाचा अडसर गुणदोषांवर झालेल्या निर्णयालाच असतो.

कडक भूमिका आणि सैल भूमिका

निकालांचा हा ढीग चाळला की दोन प्रवृत्ती दिसतात. पहिली सैल. तिचा पाया नागपूर उच्च न्यायालयाचे माजी मुख्य न्यायाधीश विव्हियन बोस यांनी सर्वोच्च न्यायालयात 1955 साली संग्राम सिंग प्रकरणात घातला. प्रक्रियेचे नियम न्यायाला मदत करण्यासाठी असतात, माणसांना अडकवून शिक्षा देण्यासाठी नाहीत. पक्षकाराच्या पाठीमागे निर्णय होऊ नयेत, हा त्या निकालाचा गाभा. 1961 मध्ये महंत रामदास प्रकरणात न्या. हिदायतुल्ला यांनी 'अमुक दिवसांत पूर्तता न केल्यास अपील फेटाळले असे समजावे' या स्वरूपाच्या हुकुमांबद्दल सांगितले की ते रेंगाळणाऱ्यांना धाक बसावा म्हणून असतात. त्यामुळे न्यायालयाचे हात कायमचे बांधले जात नाहीत. 1981 च्या रफिक प्रकरणात तर न्यायालयाने विचारले की ज्याने वकील नेमला, फी दिली आणि विश्वासाने घरी बसला, त्याने वकिलाच्या चुकीची किंमत का मोजावी. अपील पुन्हा चालवायला पाठवताना खर्च गैरहजर वकिलाकडून वसूल करण्याची दिशाही तिथे दिली गेली.

दुसरी प्रवृत्ती कडक. वकील हा पक्षकाराचा मुखत्यार. त्याची कृती ती पक्षकाराचीच, आणि रफिकमधून सरसकट नियम निघत नाही, असे 1993 मध्ये सलील दत्ता प्रकरणात सांगण्यात आले. या मताच्या मागे केवळ कोरडे तंत्र नाही. दावा पूर्ववत होतो तेव्हा समोरच्याची मनःशांती पूर्ववत होत नाही. ज्याच्या ताब्यातल्या घरावर दावा आहे त्याला ते विकता येत नाही. मनाई हुकूम मिळवून नंतर तारखाच न घेणारा वादी दिरंगाईचा लाभ घेत असतो. 'वकिलाने कळवले नाही' हे वाक्य प्रत्येक अर्जात छापील मजकुरासारखे येऊ लागले की त्याची किंमत उरत नाही. 2024 या एका वर्षात दोन्ही सूर ऐकू आले: मूलचंद्र प्रकरणात उशीर किती यापेक्षा कारण काय याला महत्त्व दिले गेले आणि वकिलाच्या वागण्याचा फटका पक्षकाराला बसू दिला नाही, रजनीश कुमार प्रकरणात पक्षकाराने स्वतः जागरूक राहायला हवे, सगळा दोष वकिलावर ढकलता येणार नाही, असे बजावले गेले. हे निकाल एकमेकांना खोडत नाहीत, कारण प्रत्येक ठिकाणची हकीकत वेगळी होती. पण अर्ज करणाऱ्याला आपले प्रकरण कोणत्या बाजूला पडेल हे आधी सांगता येत नाही, एवढे त्यातून नक्की होते.

संपाच्या दिवशी वकील न आल्याने एकतर्फी हुकूमनामा झाला तर काय, यावर 2000 च्या रेमन सर्व्हिसेस निकालाने मधला मार्ग शोधला: हुकूमनामा रद्द, विरुद्ध बाजूला खर्च, आणि त्यातली निम्मी रक्कम आपल्या वकिलांकडून वसूल करण्याची पक्षकाराला मुभा. तत्त्व म्हणून हे उत्तम. व्यवहारात ज्या वकिलाकडे प्रकरण आहे त्याच्याचकडून पैसे वसूल करायला किती पक्षकार धजावतील, हा प्रश्न उरतोच.

आधीचा प्रश्न

वरच्या सगळ्या चर्चेत 'पुरेसे कारण' हा शब्द केंद्रस्थानी आहे, आणि तो नेहमी नंतर तपासला जातो. पक्षकार का आला नाही हे न्यायालय महिन्यांनी, कधी वर्षांनी, प्रतिज्ञापत्रांवरून ठरवते. आजारपणाचे दाखले, वकील बदलल्याची तारीख, वारसांना दाव्याची कल्पना नसणे, हे सगळे अंदाजाने तोलले जाते. खरे उत्तर बहुधा त्याहून साधे असते: तारीख कोणाला, कशी कळली. प्रकरण एका न्यायालयातून दुसऱ्यात वर्ग झाले, न्यायाधीश रजेवर असल्याने तारीख पडली, दहा वर्षे थंड पडलेले अपील एकाएकी अंतिम सुनावणीच्या बोर्डावर आले, दरम्यान वकील वारले: गैरहजेरीची अशी कारणे पक्षकाराच्या बेफिकिरीत कमी आणि कळवण्याच्या व्यवस्थेत जास्त असतात. अंतराचाही यात हात आहे. सिंधुदुर्ग किंवा सोलापूरच्या माणसाला मुंबईच्या बोर्डावर लक्ष ठेवणे अवघड होते. 18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झाल्याने सहा जिल्ह्यांपुरता हा ताण हलका झाला.

नव्या फौजदारी संहितेने मात्र आधीच्या प्रश्नाला हात घातला आहे. 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या कलम 279 मध्ये फिर्यादी गैरहजर असल्यास त्याला हजर होण्यासाठी 30 दिवसांचा अवधी देऊन मगच आरोपीची सुटका करावी, अशी तरतूद आली. परत येण्याची मुदत फेटाळल्यानंतर न देता आधी देणे, हा दृष्टिकोनातला बदल आहे. दिवाणी संहितेत असा टप्पा नाही. ई-न्यायालय प्रणालीतून लघुसंदेश जातात, मोबाइल अॅपवर तारीख दिसते, आणि या प्रकल्पाच्या तिसऱ्या टप्प्यासाठी 2023 मध्ये 7,210 कोटी रुपये मंजूर झाले आहेत. म्हणजे साधन आहे. 'संदेश गेल्याची नोंद रोजनाम्यात असल्याशिवाय दावा काढू नये' असा सर्वत्र बांधील नियम मात्र दिवाणी संहितेत नाही.

यावर तीन आक्षेप घेतले जातात. पहिला, देशात पाच कोटींहून अधिक प्रकरणे तुंबलेली असताना प्रत्येक गैरहजर वादीला सूचना देत बसायला वेळ नाही. पण आज एक दावा काढल्यावर पूर्ववत करण्याचा अर्ज, विलंब माफीचा अर्ज, दोन्हींवर नोटिसा, म्हणणे, युक्तिवाद आणि नाकारल्यास अपील, एवढे काम नव्याने उभे राहते. एका संदेशाचा खर्च त्यापुढे नगण्य आहे. दुसरा आक्षेप, सूचना देत राहिलो तर आळशी पक्षकार सोकावतील. उलट घडण्याची शक्यता अधिक आहे. सूचना मिळाल्याची नोंद असूनही जो आला नाही, त्याची गैरहजेरी जाणूनबुजून होती हे जवळपास सिद्धच होते, आणि पुढे त्याच्या अर्जाकडे कठोरपणे पाहायला न्यायालयाला संकोच उरत नाही. कडक भूमिकेला जी शिस्त हवी आणि सैल भूमिकेला जे न्याय्य वागणे हवे, ती दोन्ही इथे एकत्र येतात. तिसरा आक्षेप खरा अडचणीचा आहे: जुन्या प्रकरणांत पक्षकाराचा मोबाइल क्रमांकच नाही, असला तर बदललेला, आणि अनेकदा नोंदवलेला क्रमांक वकिलाचा असतो. वारसांपर्यंत तर काहीच पोहोचत नाही. त्यामुळे संदेशाची व्यवस्था नव्या दाव्यांत लवकर फळेल. जुन्यांसाठी निदान एकदा टपालाने नोटीस काढणे टळणार नाही.

जे अजून सुटलेले नाही

काही प्रश्न खुले आहेत. वकिलाच्या चुकीचा भार कोणी उचलायचा, याचे उत्तर मोठ्या पीठाने एकदा स्पष्ट केलेले नाही. दोन समांतर मालिका चालू आहेत. कलम 279 मधले 30 दिवस दर गैरहजेरीला नव्याने द्यायचे की एकदाच, हे स्थिर व्हायला वेळ लागेल. 'अट न पाळल्यास आपोआप फेटाळले' या धाटणीचे हुकूम उच्च न्यायालयांत नित्याचे आहेत. मुंबईच्या मूळ शाखेत कार्यालयीन हरकती दूर न केल्यानेही प्रकरणे नोंदणीच्या आतच संपतात. असा हुकूम होतो त्या दिवशी फेटाळण्याचा क्षण भविष्यात असतो आणि तो येतो तेव्हा कोणी न्यायाधीश प्रकरण पाहत नाही. रामदास निकालाने मुदत वाढवून देण्याचा अधिकार राखला, पण तो वापरायचा केव्हा याचे निकष प्रत्येक पीठागणिक बदलतात. न्यायाधिकरणांत तर एकसूत्रता आणण्याचा प्रयत्नच झालेला नाही.

शेवटचा प्रश्न मोजणीचा. निकाली प्रकरणांची 'लढवून' आणि 'न लढवता' अशी विभागणी होते. दुसऱ्या रकान्यात आपसांतला समझोता, माघार आणि गैरहजेरीतला निकाल शेजारी बसतात. समझोत्यात वाद मिटलेला असतो. डिफॉल्टमध्ये तो फक्त बोर्डावरून उतरलेला असतो, आणि पूर्ववत झाला तर नव्या क्रमांकाचा अर्ज होऊन पुन्हा आकड्यांत शिरतो. गैरहजेरीत निघालेली प्रकरणे, त्यांपैकी पूर्ववत झालेली आणि पूर्ववत होऊन वादीच्या बाजूने लागलेली, हे तीन आकडे न्यायालयनिहाय वेगळे प्रसिद्ध झाले तर दोन्ही भूमिकांची परीक्षा होईल. पूर्ववत झालेल्यांपैकी बरीच प्रकरणे पुढे वादीने जिंकली असे दिसले, तर फेटाळण्याआधीची चौकशी अपुरी होती हे उघड होईल. बहुतेक पुन्हा डिफॉल्टमध्येच गेली असे दिसले, तर कडक भूमिका रास्त ठरेल. तोवर उपलब्ध कायद्यातून निघणारा निष्कर्ष मर्यादित पण पक्का आहे: पाठपुरावा न करणाऱ्याचे प्रकरण काढून टाकण्याचा अधिकार न्यायालयाकडे असलाच पाहिजे, मात्र त्या अधिकाराची वैधता परतीच्या दरवाजाच्या रुंदीवर जितकी अवलंबून आहे, त्याहून अधिक ती आधी दिलेल्या सूचनेच्या खात्रीवर अवलंबून आहे.